कवचाला चिमटा लावू देऊ नका

हैदराबादच्या त्या दुकानदाराला मी अजून माफ केलेलं नाही. माझ्या कासवाच्या पाठीचे पापुद्रे सुटायला लागले म्हणून त्याला फोटो पाठवला, तर लगेच उत्तर आलं, ‘बुरशी आहे, घेऊन या.’ मला ते पटलं नव्हतं. पाण्यावर तरंगणारा एक पापुद्रा मी हातावर घेऊन पाहिला होता. नखाएवढा, पारदर्शक, कवचावरच्या पिवळ्या रेघा त्यात जशाच्या तशा. खालचं कवच टणक, चकचकीत, आणि वास अजिबात नाही. कुजलेलं असं स्वच्छ सुटून येतं का?

तरी भालकीहून कामानिमित्त हैदराबादला गेलो तेव्हा कासव बरोबर नेलं. ही कात आहे, असं मी सांगतोय तोवर दुकानातल्या पोऱ्याने चिमट्याने अर्धवट सुटलेला पापुद्रा खेचलासुद्धा. कडेला रक्त आलं. ‘कुच नई होता साब, जानवर है,’ मालक गल्ल्यावरून उठलासुद्धा नाही, उलट औषधाची बाटली पुढे सरकवली. ती मी घेतली नाही. जखम चिघळली आणि मला बिदरच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात खेटे घालावे लागले. डॉक्टरांनी पाहताक्षणीच सांगितलं, कातच होती. मालकाला फोन केला तर म्हणतो, तुम्हीच घरी काहीतरी केलं असेल!

सापाची कात एकसंध निघते, अगदी डोळ्यांवरच्या पडद्यासकट. माझ्याकडे आहे तसल्या, लाल कानाच्या पाण्यातल्या कासवाचा एकेक खवला सुटतो, आणि वाढत्या वयात हे चालायचंच. घासू नका, ओढू नका, तेल तर मुळीच नको. कवच मऊ लागलं, पांढरे खड्डे पडले किंवा घाण वास आला, तरच डॉक्टर गाठा.

कात नीट निघायला त्याला पाण्याबाहेर पूर्ण कोरडं होता येईल असा दगड आणि थेट ऊन लागतं. खिडकीतून आलेलं ऊन चालत नाही. हवे ते अतिनील किरण काच अडवते. हे दुकानात कोण सांगणार? त्यांना काचेचा वाडगा खपवायचा असतो. मात्र आपल्याकडच्या एप्रिल-मेच्या उन्हात अर्ध्या टबावर सावली हवीच, नाहीतर पाणी तापून जनावर दगावतं. पाणी स्वच्छ ठेवा. कासवाला हात लावल्यावर हात साबणाने धुवा, पोरांनाही धुवायला लावा. साल्मोनेला जंतूंच्या भीतीने अमेरिकेत 1975 पासून 4 इंचांहून लहान कासवं पाळायला विकता येत नाहीत.

‘एवढंच राहतं’ म्हणून विकलेलं पिल्लू मादी निघालं तर फूटभर होऊ शकतं आणि 20-30 वर्षं जगतं. झेपेनासं झालं म्हणून आमच्याकडच्या कारंजा धरणासारख्या पाण्यात सोडू नका. ही जात मूळची अमेरिकेतली, आपल्या कासवांचं खाणं आणि जागा बळकावते. युरोपीय संघाने 1997 मध्येच तिची आयात बंद केली.

आणि पाठीवर चांदण्या असलेलं कासव कोणी गुपचूप दाखवलं तर हातही लावू नका. 1972 च्या वन्यजीव कायद्याने ते पाळणं गुन्हा आहे. त्या दुकानात टेबलाखालच्या खोक्यात तीही होती. मी वनखात्याला कळवलं, तुम्हीही कळवा.