औषध घेण्याआधी पाय बघा : किडीच्या आणि कोळ्याच्या पायाचे भाग



आजचा मेसेज नेहमीपेक्षा लांब आहे. यात फवारणीचा डोस नाही, डोस विचारण्याआधीची पायरी आहे. संध्याकाळी निवांत वाचा. घरात शाळेत जाणारी मुलं असतील तर त्यांनाही जवळ बसवा.

*चूक कुठं झाली*

मागच्या उन्हाळ्यात आपल्या एका सभासदांनी वांग्याच्या पानाचा फोटो पाठवला. पानावर बारीक पांढरट ठिपके, पान फिकट पडलेलं. मी फोटोवरूनच "तुडतुडे दिसतात" असं कळवलं आणि रसशोषक किडीचं औषध सांगितलं. त्यांनी फवारलं. आठ दिवसांनी परत फवारलं. फरक तर पडला नाहीच, उलट पानं तांबूस व्हायला लागली. मग मी प्लॉटवर गेले, पान उलटं करून भिंगाखाली धरलं. पानाच्या मागे बारीक जाळी आणि त्यात फिरणारे लाल कोळी. प्रत्येकाला आठ पाय.

दोन फवारण्यांचे पैसे गेले, पंधरा दिवस गेले. चूक माझी होती. पाय मोजायला सांगितले असते तर पहिल्याच दिवशी कळलं असतं. कारण लाल कोळी हा कीटकच नाही. साधं कीटकनाशक त्याच्यावर बहुतेक वेळा चालत नाही, त्याला कोळीनाशक लागतं. इमिडाक्लोप्रिडसारखी काही औषधं मारल्यावर तर कोळी वाढल्याचं अनेक ठिकाणी दिसलं आहे.

तेव्हापासून मी फोनवर पहिला प्रश्न पायांचा विचारते. पण "मागच्या पायाच्या नडगीवर काटे आहेत का?" असं विचारलं की समोरून उत्तर येतं, "मॅडम, किड्याला नडगी कुठं असते?" म्हणून आज तेच समजून घेऊ.

*कीटकाचा पाय : पाच भाग*

कीटकाचं शरीर तीन भागांचं असतं : डोकं, छाती, पोट. पाय फक्त छातीला असतात. छातीला तीन कप्पे आणि प्रत्येक कप्प्याला एक जोडी, म्हणजे एकूण सहा पाय. पोटाला खरे पाय नसतात.

आता बांधावरचा एखादा मेलेला नाकतोडा घ्या, पांढऱ्या कागदावर ठेवा आणि मागचा मोठा पाय बघा. शरीराकडून टोकाकडे या :

1️⃣ *खुबा*, पुस्तकात कॉक्सा. पाय छातीला जिथं जोडलेला असतो तो आखूड भाग.
2️⃣ *सांध्याचा तुकडा*, पुस्तकात ट्रोकँटर. खुबा आणि मांडी यांच्यामधला अगदी लहान भाग. भिंगाशिवाय पटकन दिसत नाही.
3️⃣ *मांडी*, पुस्तकात फीमर. बहुतेक किडींत हाच सगळ्यात जाड भाग. नाकतोड्याची उडी मारायची ताकद या मांडीत भरलेली असते.
4️⃣ *नडगी*, पुस्तकात टिबिया. लांब, बारीक, बऱ्याचदा काटेरी. नाकतोडा धरला की बोटाला टोचतं ते हेच.
5️⃣ *पाऊल*, पुस्तकात टार्सस. हे एकसंध नसतं, एक ते पाच लहान तुकड्यांचं असतं. नाकतोड्याच्या पावलात तीन तुकडे दिसतील. शेवटच्या तुकड्याला बहुधा दोन नख्या असतात.

फीमर, टिबिया ही नावं ओळखीची वाटली ना? दवाखान्यात हाड मोडल्यावर एक्स-रेच्या रिपोर्टवर हीच नावं येतात. अभ्यासकांनी माणसाच्या हाडांची नावं किडीच्या पायाला दिली. फरक एवढाच की आपलं हाड आत असतं आणि मांस बाहेर. किडीचं उलट आहे. बाहेर कडक कवच, स्नायू आत. आपल्या गुडघ्याला वाटी असते, कीटकाला ती नसते. त्याची मांडी थेट नडगीला जोडलेली असते.

*कोळ्याचा पाय : सात भाग*

आपल्या भाषेत जाळं विणणारा मोठा कोळीही "कोळी" आणि पानामागचा लाल कोळीही "कोळी". यामुळे घोटाळा होतो, पण नाव अगदीच चुकीचं नाही. दोघंही एकाच गोतातले, आठ पायांचे. जनावरांच्या अंगावरची गोचीडसुद्धा त्याच गोतातली.

जाळ्याच्या कोळ्याच्या पायात कीटकापेक्षा दोन भाग जास्त असतात. क्रम असा : खुबा, सांध्याचा तुकडा, मांडी, *गुडघ्याची वाटी*, नडगी, *पावलाआधीचा भाग* आणि पाऊल. वाटीला पुस्तकात पॅटेला म्हणतात, पावलाआधीच्या भागाला मेटाटार्सस.

मोजताना दोन ठिकाणी फसगत होते :

👉 कोळ्याच्या तोंडाजवळ पायासारखीच दिसणारी आखूड जोडी असते. ते पाय नाहीत, चाचपण्याचे अवयव आहेत. त्यात सहाच भाग असतात, पावलाआधीचा भाग नसतो. ही जोडी धरली तर दहा पाय भरतात, म्हणून ती सोडून मोजा.

👉 लाल कोळी आणि गोचीड यांची अंड्यातून नुकतीच निघालेली पिल्लं सहा पायांची असतात. पुढच्या अवस्थेत आठ होतात. म्हणून एकाच पिल्लावर निकाल देऊ नका. चार-पाच बघा, त्यात एखादा मोठा नक्की सापडेल.

मेलेला कोळी पाय पोटाशी आखडून का पडतो, हेही यातच आहे. कोळ्याच्या पायातल्या दोन मुख्य सांध्यांना वाकवायचे स्नायू असतात, पण ताठ करायचे नसतात. पाय सरळ करायला तो शरीरातल्या द्रवाचा दाब वापरतो, ट्रॅक्टरची हायड्रॉलिक ट्रॉली उचलते तसा. मेला की दाब संपतो आणि पाय आत ओढले जातात.

जाळ्याचा कोळी आपला मित्र आहे. तो तुडतुडे, पतंग, माश्या खातो. लाल कोळी मात्र पानाचा रस शोषतो. मोठा माणूस-भर दिसतो म्हणून मित्राला मारायचं आणि अर्ध्या मिलिमीटरचा शत्रू दिसत नाही म्हणून सोडायचा, असं आपल्याकडे फार होतं.

*पाय बघून काम ओळखा*

🔹 *तुडतुडे :* मागच्या नडगीवर काट्यांच्या रांगा. पान हलवलं की तिरके पळतात नाहीतर उडी मारतात.
🔹 *मावा :* पाय बारीक, चाल संथ, उडी नाही. पोटाच्या मागच्या बाजूला दोन बारीक नळ्या.
🔹 *फुलकिडे :* पावलाच्या टोकाला लहान फुगीर पिशवी असते. तिच्या जोरावर कांद्याच्या गुळगुळीत पातीवरही पकड बसते.
🔹 *प्रार्थना कीटक :* पुढच्या पायाचा खुबा लांब, मांडी आणि नडगी काटेरी. अडकित्त्यासारखी भक्ष्याला पकडतात. हा मित्र आहे, मारू नका.
🔹 *मधमाशी :* कामकरी माशीच्या मागच्या नडगीवर परागाची टोपली असते. सूर्यफुलावर किंवा भोपळ्याच्या फुलावर सकाळी बघा, पिवळे गोळे लटकलेले दिसतील. ते दिसले की त्या वेळी फवारणी नाही.

*अळीचे पाय : इथं खरा पैसा वाचतो*

अळीला दोन प्रकारचे पाय असतात. डोक्यामागे तीन जोड्या *खरे पाय*, सांध्यांचे आणि टोकदार. त्यामागे पोटाला मऊ, मांसल *पोटपाय*. पोटपायाला मांडी-नडगी नसते. पतंगाच्या अळीत त्याच्या तळाला बारीक आकडे असतात, त्याने ती पानाला धरून राहते. दोन्ही वेगवेगळे मोजायचे :

✅ *खरे ३ जोड्या, पोटपाय ५ जोड्या :* मक्यावरची लष्करी अळी, कपाशीवरची बोंडअळी. मक्यातली अमेरिकन लष्करी अळी भारतात २०१८ साली कर्नाटकात पहिल्यांदा सापडली आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात आली. तिची खात्री करायला डोक्यावरचा उलटा इंग्रजी वाय आणि शेपटीजवळचे चौकोनातले चार ठिपके बघा.
✅ *खरे ३, पोटपाय ३ :* सोयाबीनवरची हिरवी उंटअळी. मधले पोटपाय नसल्यामुळे चालताना पाठीला कुबड काढते.
✅ *खरे ३, पोटपाय ८ :* मोहरी-मुळ्यावरची काळपट अळी. दिसते पतंगाच्या अळीसारखी, पण ही माशीसारख्या दिसणाऱ्या, गांधीलमाशीच्या गोतातल्या कीटकाची अळी आहे. पतंगाच्या अळीसाठी मिळणारं बीटी जिवाणूचं औषध हिच्यावर चालत नाही.
✅ *खरे ३, पोटपाय एकही नाही :* हुमणी. पांढरी, इंग्रजी सी सारखी वळलेली, जमिनीत मुळं खाते.
✅ *एकही पाय नाही :* माशीची अळी. अद्रकाच्या कंदात कंदमाशीची अळी अशीच असते.

फुलंब्री, खुलताबाद, कन्नड भागातले अद्रकवाले शेवटच्या दोन ओळी परत वाचा. झाड पिवळं पडलं, उपटलं, खाली पांढरी अळी दिसली की आपण सरळ "हुमणी" म्हणतो. आधी पाय बघा. पाय असतील तर हुमणी. नसतील आणि कंद सडका असेल तर मामला वेगळा. तिथं सड आणि पाण्याचा निचरा आधी बघावा लागतो. दोन्हीचा उपाय एक नाही.

*फोटो पाठवताना एवढं करा*

१. पान किंवा फुलोरा पांढऱ्या कागदावर झटका. कागदावर जे चालेल ते बघा.
२. दहापट मोठं दाखवणारं भिंग जवळ ठेवा. भिंग मोबाईलच्या कॅमेऱ्यापुढे धरूनही फोटो येतो.
३. तीन फोटो काढा : पूर्ण झाड, पानाची *खालची* बाजू, आणि किडीचा जवळून. अळी असेल तर बाजूने काढा, वरून पाय दिसत नाहीत.
४. केसाळ अळीला हात लावू नका, काडीने उचला.
५. फोटोखाली लिहा : पीक, गाव, किती दिवसांचं, आणि पाय. उदाहरणार्थ, "मका, पडेगाव, २५ दिवस, खरे पाय ३ जोड्या, पोटपाय ५ जोड्या."

हे आल्याशिवाय मी आता औषधाचं नाव सांगणार नाही. राग मानू नका. दुकानात गेल्यावरही बाटलीच्या लेबलवर तुमचं पीक आणि तुमची कीड, दोन्ही छापलेलं आहे का ते वाचा. दुकानदार "हे सगळ्यावर चालतं" म्हणाला तर त्यालाच विचारा, "सहा पायांवर की आठ पायांवर?"

*या आठवड्याचा अभ्यास*

उद्या सकाळी प्लॉटवर जाताना खिशात एक पांढरा कागद ठेवा. पाच झाडांची पानं झटका. सहा पायांचे किती, आठ पायांचे किती, एवढंच लिहून पाठवा. सगळ्यांचे आकडे आले की कुठल्या शिवारात काय चाललंय ते आपल्याला फवारणीच्या आधी कळेल.

आणि ज्या सभासदांच्या वांग्यात माझा अंदाज चुकला, त्यांनी यंदा भिंग घेतलं आहे. परवा त्यांचाच मेसेज आला : "मॅडम, आठ पाय. पण मोठा आहे, जाळं विणतोय. सोडून दिला." वाचून बरं वाटलं.


आपली कृषी सल्लागार, पडेगाव