स्पेनचं स्पॅनिश की मेक्सिकोचं?

प्रश्न : मी म्हसावदला (जि. नंदुरबार) बारावीत शिकते. स्पॅनिश शिकायचं आहे. कुठल्या देशाचं शिकावं? घरी अहिराणी बोलतो, अडचण येईल का?

उत्तर : अडचण कसली, उलट फायदाच! स्पॅनिशमधले 'त' आणि 'द' आपल्यासारखेच दंत्य आहेत. 'चांगला मुलगा, चांगली मुलगी' असं विशेषण बदलतं, तसंच तिथे 'निन्यो बुएनो, निन्या बुएना'. नपुंसकलिंगी नामं तर नाहीतच.

स्पॅनिश ही मुळात कास्तिल प्रांताची बोली, लॅटिनमधून घडलेली. नेब्रिहा या भाषापंडिताने 1492 मध्ये तिचं व्याकरण लिहिलं आणि त्याच वर्षी कोलंबस अमेरिकेला पोहोचला. त्यामागून ही भाषा तिकडे पसरली, म्हणून आज ती बोलणारे बहुसंख्य लोक स्पेनबाहेर आहेत. 'धन्यवाद'ला माद्रिदमध्ये 'ग्राथियास' म्हणतात, मेक्सिकोत 'ग्रासियास'. अर्जेंटिनात 'तू'ऐवजी 'वोस' चालतं. अमुक शुद्ध आणि तमुक अशुद्ध, असं मानू नका. तुमच्या अहिराणीलाही कुणी अशुद्ध म्हटलं, तर ऐकून घेऊ नका. शिक्षक जे बोलतात त्यापासून सुरुवात करा, मात्र दोन्हीकडचं ऐकत राहा.

पुण्यात रानडे इन्स्टिट्यूटच्या इमारतीत विद्यापीठाच्या विदेशी भाषा विभागाचे प्रमाणपत्र वर्ग चालतात. दिल्लीच्या इन्स्तितुतो सेर्वांतेसमार्फत 'देले' ही परीक्षा देता येते. तिच्या पातळ्या ए1 ते सी2. पदवीच करायची असेल तर दिल्लीचं जेएनयू बारावीनंतर थेट स्पॅनिशच्या बीएला प्रवेश देतं, आधी स्पॅनिश येण्याची अट नाही. त्यासाठी सीयूईटी ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते. अर्जाची तारीख चुकवू नका.