चिंता आणि सावधता

संकट प्रत्यक्ष आले असता जीव जितका कष्टी होतो, तितकाच ते पुन्हा येईल या कल्पनेनेही होतो. सांगलीने 2005, 2019 व 2021 साली कृष्णेचा महापूर पाहिला. सातारा जिल्ह्यात 11 डिसेंबर 1967 च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला आणि जुलै 2021 मध्ये पाटण तालुक्यातील आंबेघर, मिरगाव येथे दरडी कोसळल्या. ज्यांनी हे भोगले, त्यांना रात्री पावसाचा जोर वाढताच धडधड होते, घशाला कोरड पडते, झोप उडते.

येथे शंका अशी की, परमेश्वराचा आश्रय केलेल्यासही भय वाटते, तर त्याची श्रद्धा उणी समजावी काय?

समाधान असे की, भय हा देहाचा धर्म आहे. सर्वज्ञ श्रीचक्रधरस्वामींच्या वियोगाने आचार्य श्रीनागदेवही व्याकूळ झाले. त्यांनी ते दुःख लपविले नाही, स्मरणास लावले. त्या स्मरणातूनच म्हाइंभटांनी ठिकठिकाणी विचारपूस करून लीळाचरित्र सिद्ध केले. तेव्हा व्याकुळता हा दोष नव्हे. तिला वाट न देणे हा दोष होय.

आता उपाय. पहिला, मोजमाप. सांगलीस आयर्विन पुलापाशी 40 फूट ही इशारा पातळी व 45 फूट ही धोका पातळी आहे. 2019 साली पाणी 57 फुटांवर गेले होते. पातळी दिवसातून ठरल्या वेळी पाहावी, कागदपत्रे व औषधे एका पिशवीत बांधून ठेवावी, कोठे जायचे ते घरात आधीच ठरवावे. इतके झाले की अफवा ऐकत जागू नये. दुसरा, श्वास. श्वास सावकाश घ्यावा व त्याहून सावकाश सोडावा; दीर्घ उच्छ्वासाने हृदयाची गती मंदावते. तिसरा, नाम, लीळा, मूर्ती, चेष्टा यांचे स्मरण. मन पुनःपुन्हा भयाकडे धावेल. त्यावर न रागावता तितक्याच वेळा परत आणावे. चौथा, निवेदन. मनातले भय घरच्यांस अथवा साधुजनांस सांगावे.

दोन आठवडे झोप, अन्न, काम यांत बिघाड राहिला, तर वैद्यांकडे जावे. जीव नकोसा वाटला, तर एक दिवसही थांबू नये. ऑक्टोबर 2022 पासून शासनाची ‘टेलिमानस’ सेवा 14416 या क्रमांकावर रात्रंदिवस विनामूल्य आहे. ज्वरास औषध घेतल्याने जशी भक्ती उणावत नाही, तशी येथेही उणावत नाही.

जे हाती आहे ते सावधपणे करावे; उरलेले परमेश्वरावर सोपवून स्मरणास बसावे. हा क्रम उलटा करू नये.