विचार, चिंता आणि एक लॅटिन शब्द

शास्त्रपाठ : मत्तय ६:२५–३४, फिलिप्पै ४:६–८

आजाऱ्याच्या खाटेजवळ, परीक्षेच्या दिवसांत, नोकरी सुटलेल्या घरी आपण एक वाक्य हमखास बोलतो : “चिंता करू नका.” पुष्कळदा त्याला दुसरे जोडले जाते : “विचार करू नका, नुसता विश्वास ठेवा.” ही दोन वाक्ये एकाच अर्थाची आहेत काय? प्रभूने चिंता मना केली, तेव्हा विचारही मना केला काय? शब्बाथशाळेतील एखाद्या चुणचुणीत मुलाने हा प्रश्न विचारला, तर शिक्षकाजवळ उत्तर असले पाहिजे. ह्या पाठात एका जुन्या लॅटिन शब्दाच्या साहाय्याने ते शोधू.

१. शब्दाचे मूळ

लॅटिन भाषेत विचार करणे ह्याला ‘कोगितारे’ म्हणतात, आणि विचाराला ‘कोगितातिओ’. ‘मी विचार करतो’ हे सांगायला ‘कोगितो’ एवढा एकच शब्द पुरतो. त्याच्या मुळाशी ‘आगो’ म्हणजे हाकणे हे क्रियापद आहे. त्याला ‘एकत्र’ अशा अर्थाचा उपसर्ग लागून ‘कोगो’ झाले, म्हणजे एकत्र हाकून आणणे. हिप्पोचा बिशप संत ऑगस्टिन (इ. स. ३५४–४३०) ह्याने आपल्या ‘कन्फेशन्स’ ग्रंथाच्या दहाव्या भागात ‘कोगितो’चा संबंध ह्याच ‘कोगो’शी लावला आहे. त्याच्या म्हणण्याचा आशय असा : शिकलेल्या गोष्टी स्मरणाच्या कोपऱ्यांत विखुरलेल्या असतात, त्या पुन्हा गोळा करून मनासमोर आणणे म्हणजे विचार करणे.

संध्याकाळी गुराखी काय करतो? रानभर पांगलेली गुरे हाकून एकत्र करतो, मोजतो आणि गोठ्यात आणतो. एखादे वासरू मागे राहिले तर परत जातो. मुलांना विचार म्हणजे काय ते सांगायला ह्याहून सोपे चित्र सापडणार नाही.

पुढे फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्त ह्याने १६३७ मध्ये फ्रेंच भाषेत आणि १६४४ मध्ये लॅटिनमध्ये आपले प्रसिद्ध सूत्र मांडले. त्याचा आशय असा, की सगळ्याविषयी शंका घेतली तरी शंका घेणारा, म्हणजे विचार करणारा मी, आहेच. त्यामुळे ‘कोगितो’ हा शब्द जगभर माहीत झाला. परंतु मंडळीने तो त्याच्या कितीतरी शतके आधीपासून वापरला होता.

२. लॅटिन शास्त्रातील उपयोग

पोप दमासस ह्याच्या सांगण्यावरून जेरोमने इ. स. ३८२ च्या सुमारास लॅटिन शुभवर्तमाने सुधारण्याचे काम हाती घेतले. त्या लॅटिन शास्त्रात हा शब्द अनेक ठिकाणी भेटतो. जलप्रलयापूर्वी मनुष्याच्या मनात काय चालले होते ते सांगताना (उत्पत्ती ६:५) तो आहे. देवाचे विचार आणि आपले विचार ह्यांतील अंतर यशया सांगतो (५५:८), तेथे तो आहे. अंतःकरणातून काय बाहेर पडते हे प्रभू सांगतो (मत्तय १५:१९), तेथेही तो आहे. जुन्या लॅटिन पापकबुलीच्या प्रार्थनेत विचार, शब्द व कृती असा क्रम येतो. आपण मराठीत ‘काया-वाचा-मने’ म्हणतो व शरीरापासून आरंभ करतो. ती प्रार्थना मुळापासून, म्हणजे विचारापासून, आरंभ करते.

आता मत्तय ६:२७ पाहा. चिंता करून आपले आयुष्य थोडे तरी वाढवता येईल काय, असे प्रभू विचारतो. ग्रीकमध्ये तेथे चिंतेचा शब्द आहे. पण लॅटिनमध्ये ‘कोगितारे’चेच रूप घातले आहे. मत्तय १०:१९ मध्येही तसेच. १६११ च्या किंग जेम्स इंग्रजी भाषांतरातही मत्तय ६ मध्ये विचाराचाच शब्द आहे. त्या काळच्या इंग्रजीत त्याचा अर्थ काळजी असाही होत असे. पुढे तो अर्थ मागे पडला आणि ते वचन वाचणाऱ्याला वाटू लागले, की प्रभूने उद्याचा विचारच करू नका असे सांगितले.

३. आपल्या भाषांची साक्ष

हे केवळ परक्या भाषांत घडले असे नाही. संस्कृतात ‘चिन्त्’ ह्या धातूचा अर्थ विचार करणे. त्याच्यापासून ‘चिंतन’ आले आणि ‘चिंता’ही आली. दोघी सख्ख्या बहिणी. पण एकीने घर बांधले, दुसरी घर पोखरते.

आम्ही भोपाळकर मराठी माणसे घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी-उर्दू बोलतो. १९५६ मध्ये भोपाळ मध्य प्रदेशाची राजधानी झाले, तेव्हा नागपुराहून सरकारी कचेऱ्यांबरोबर कितीतरी मराठी कुटुंबे येथे आली. येथल्या बाजारात रोज कानावर पडणारा शब्द म्हणजे ‘फिक्र’. मूळ अरबीत त्याचा अर्थ विचार. उर्दूत तो काळजीही झाला, आणि मराठीत ‘फिकीर’ म्हणून आला तो काळजी होऊनच. हिंदीतील ‘सोचना’ ह्याचा प्रवास उलट दिशेने झाला : त्याचे मूळ ‘शुच्’ म्हणजे शोक करणे हे आहे.

इतक्या भाषांत विचार आणि काळजी एकाच दारातून आत-बाहेर करतात, ह्यावरून मनुष्याचे मन कळते. गोळा केलेली गुरे गोठ्यात न जाता रात्रभर गोल गोल फिरत राहिली, तर तो विचार राहत नाही. त्याची चिंता होते.

४. प्रभूने काय मना केले?

मत्तय ६:२५–३४ पुन्हा सावकाश वाचा. चिंता करू नका असे सांगतानाच प्रभू दोन आज्ञा देतो : आकाशातील पाखरांकडे पाहा, आणि रानातील फुले कशी वाढतात ते ध्यानात घ्या. दुसऱ्या आज्ञेत जो ग्रीक शब्द आहे त्याचा अर्थ नीट शिकून घ्या, निरखून पाहा असा होतो. म्हणजे प्रभू चिंतेवर विचाराचेच औषध देतो. पाखरांना कोण खाऊ घालतो? तुमचे मोल त्यांच्याहून अधिक नाही काय? हे प्रश्न आहेत, आणि प्रश्नाला उत्तर द्यायला विचार करावा लागतो.

म्हणून ‘विचार करू नका’ हा प्रभूचा सल्ला नव्हे. २ व ३ डिसेंबर १९८४ च्या मधल्या रात्री युनियन कार्बाइडच्या कारखान्यातून विषारी वायू सुटला, त्याची झळ सोसलेली माणसे ह्या शहरात आजही आहेत. अशा घरी जाऊन “कशाचा विचार करू नका” म्हणणे सोपे आहे. परंतु औषधोपचार, कागदपत्रे, पिण्याचे पाणी ह्यांचा कोणीतरी विचार केलाच पाहिजे. शेजाऱ्यासाठी केलेला असा विचार ही प्रीतीच होय. निश्चिंत असणे आणि बेफिकीर असणे ह्यांत फार मोठे अंतर आहे.

५. पौलाने दाखविलेला मार्ग

फिलिप्पैकरांस लिहिताना पौल बंदिवासात होता. चौथ्या अध्यायाच्या सहाव्या वचनात तो चिंता मना करतो. आठव्या वचनात जे जे सत्य, न्याय्य, शुद्ध आहे त्याचे मनन करावयास सांगतो, आणि लॅटिन शास्त्रात तेथे ‘कोगितारे’चेच आज्ञार्थी रूप आहे. चिंतेपासून चिंतनापर्यंत अंतर अवघे दोन वचनांचे. मध्ये काय आहे? उपकारस्तुतीसह प्रार्थना, आणि अंतःकरणावर व विचारांवर पहारा देणारी देवाची शांती. म्हणजे विचार टाकून द्यायचा नाही. तो देवासमोर घेऊन जायचा, आणि त्याच्या पहाऱ्यात पुन्हा करायचा.

मरीयेचे उदाहरण ह्याच प्रकारचे आहे. मेंढपाळांचे बोलणे तिने अंतःकरणात ठेवले व त्याचे मनन केले (लूक २:१९). तेथील ग्रीक शब्दाचा मूळ अर्थही एकत्र आणणे असाच आहे. सर्व गोष्टी तिला तेव्हाच समजल्या नाहीत. तरी तिने त्या विखरू दिल्या नाहीत.

शब्बाथशाळेच्या शिक्षकांसाठी

(१) एका कागदावर दोन रकाने करा. ह्या आठवड्यात मनात घोळत असलेल्या गोष्टी वर्गाकडून मागवा. ज्यासाठी आज काही करता येईल ते एका रकान्यात लिहा, आणि जे केवळ देवाच्या हाती आहे ते दुसऱ्यात. पहिल्याची योजना करा. दुसऱ्यासाठी प्रार्थना करा.

(२) चिंता व चिंतन ह्यांतील फरक मुलांनी स्वतःच्या शब्दांत सांगावा.

(३) मोठ्यांच्या वर्गासाठी प्रश्न : दुःखात असलेल्या घरी आपण “चिंता करू नका” म्हणतो, तेव्हा त्या घरासाठी कोणता विचार आपण स्वतः करण्यास तयार असतो?