स्मिता पाटील : अल्प कारकीर्द आणि भाषांतराचा प्रश्न

स्मिता पाटील (१९५५–१९८६) यांच्या अल्प कारकिर्दीचे मूल्यमापन बहुधा अकालमृत्यूच्या शोकछायेत होते; तिचे आंतरभाषिक स्वरूप त्यामुळे दुर्लक्षित राहते. श्याम बेनेगल यांचा ‘चरणदास चोर’ (१९७५) हे विजयदान देथा यांच्या राजस्थानी कथेचे, रायपूरच्या हबीब तन्वीर यांच्या छत्तीसगढी नटसंचासह साकारलेले चित्ररूप होय. त्यात स्मिता पाटील राजकन्या झाल्या. ‘भूमिका’ (१९७७) मध्ये हंसा वाडकरांचे मराठी आत्मकथन हिंदीत अवतरले. याउलट ‘उंबरठा’ (१९८२) हा मराठी चित्रपट ‘सुबह’ या नावाने हिंदीत गेला. अशा अभिनयास एकाच भाषेच्या इतिहासात बसविणे अपुरे ठरते. तौलनिक अभ्यासात नटाचाही भाषांतरकार म्हणून विचार व्हावयास हवा.