‘आता अपग्रेड करा’ म्हणतंय? आधी आत्याचं ऐक

पोरी, पडद्यावर ‘विंडोज ११ वर या’ अशी पाटी आली की तुझं बोट आधी धावतं आणि विचार मागून येतो, हे मला तू रांगत होतीस तेव्हापासून माहीत आहे. कॉम्प्युटर फक्त तुझ्या गाण्या-सिनेमांचा असता तर मी मध्ये पडले नसते. पण सिद्धगडाच्या पायथ्याच्या वाड्यांतली माणसं सातबारा, जातीचा दाखला, धानाची नोंदणी असल्या कामांसाठी त्याच्यासमोर येऊन बसतात, आणि एवढ्यासाठी मुरबाडला जायचं तर त्यांचा दिवसाचा रोज बुडतो. म्हणून लिहून पाठवते. चहा घेऊन बस, सावकाश वाच.

१. पहिल्यांदा त्या पाटीला ‘नंतर’ म्हण – एक रात्र थांबल्यानं काही अडत नाही, पण अर्ध्या समजुतीनं दाबलेलं बटण आठवडाभर पुरतं.

२. आपल्याकडे आज काय आहे ते बघ. सेटिंग्जमध्ये ‘सिस्टिम’, त्यात ‘अबाउट’. तिथं विंडोजची आवृत्ती, प्रोसेसर, रॅम आणि मशीन ३२-बिट की ६४-बिट, सगळं दिसतं. वहीत उतरवून घे – दुकानदार फोनवर हेच विचारणार आहे, आणि तू ‘काळा लॅपटॉप आहे’ म्हणणार आहेस.

३. तारखा पाठ असू देत. एक्सपीची अपडेट ८ एप्रिल २०१४ ला थांबली, विंडोज ७ ची १४ जानेवारी २०२० ला आणि विंडोज १० ची १४ ऑक्टोबर २०२५ ला – तारीख उलटली म्हणून मशीन बंद पडत नाही, फक्त त्यानंतर सापडलेलं भोक बुजवायला कुणी येत नाही.

४. विंडोज १० ला घरगुती वापरासाठी वाढीव सुरक्षेची सोय आहे, ती १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची. मायक्रोसॉफ्टचं खातं जोडून सेटिंग्जचा बॅकअप चालू केला तर ती फुकट मिळते – पण नाव आपणहून नोंदवावं लागतं, आणि त्याआधी मशीन विंडोज १० च्या शेवटच्या, म्हणजे २२एच२ या आवृत्तीवर असावं लागतं.

५. ‘चालतंय ना, मग कशाला हात लावायचा?’ हे तुझं म्हणणं मला अर्धं पटतं. उरलेल्या अर्ध्यासाठी न्हावा-शेव्याचं ऐक. २७ जून २०१७ ला जवाहरलाल नेहरू बंदरातलं एक कंटेनर टर्मिनल ठप्प झालं, कारण ते चालवणाऱ्या मर्स्क समूहाच्या कॉम्प्युटरांत ‘नॉटपेट्या’ शिरला होता. तो ज्या वाटांनी पसरला त्यांतली एक बुजवणारं अपडेट मायक्रोसॉफ्टनं त्याच वर्षीच्या मार्चमध्ये दिलं होतं, आणि मे महिन्यात ‘वॉनाक्राय’ त्याच वाटेनं जगभर हिंडून गेला होता. एवढ्या मोठ्या बंदराची ही गत – आणि तुझ्या मशीनवर तर लोकांचे आधार क्रमांक, बँकेची पासबुकं आणि फोटो पडलेले असतात.

६. म्हणून प्रश्न ‘नवं चांगलं की जुनं’ असा घालूच नकोस. ‘या मशीनवर कुणाचं काय आहे, आणि ते इंटरनेटला जोडलेलं आहे का?’ असा घाल – या दोन उत्तरांत निम्मा निर्णय होऊन जातो.

७. आता मशीनची ताकद. विंडोज ११ ला ६४-बिट प्रोसेसर, निदान ४ जीबी रॅम, ६४ जीबी जागा, सिक्युअर बूट आणि ‘टीपीएम २.०’ नावाची सुरक्षेची चिप लागते. इंटेलचा प्रोसेसर असेल तर साधारण आठव्या पिढीपासून पुढचा. मायक्रोसॉफ्टचं ‘पीसी हेल्थ चेक’ फुकट उतरवून घे – ते बसतं की नाही सांगतं, आणि नाही तर कशामुळे नाही, हेही सांगतं.

८. ‘टीपीएम नाही’ असं आलं तर लगेच रडू नकोस. पुष्कळ मशीनमध्ये ती सोय असते, पण बायोसमध्ये बंद ठेवलेली असते; इंटेलवर ती ‘पीटीटी’ नावानं आणि एएमडीवर ‘एफटीपीएम’ नावानं सापडते – जाणत्या माणसाकडून ती चालू करून घेतली की नव्या मशीनचा खर्च कधी कधी टळतो.

९. ४ जीबीवर विंडोज ११ बसतं, पण कामाच्या वेळी दमतं. ८ जीबी असल्याशिवाय त्या वाटेला जाऊ नकोस. आणि आत जुनी फिरती हार्डडिस्क असेल तर आधी एसएसडी बसवून बघ – कित्येकदा माणसाला हवा असतो वेग, आणि तो बदलतो विंडोज.

१०. चिप नसतानाही नवी विंडोज घुसवून देणारे उस्ताद भेटतील. दुसऱ्यांची कागदपत्रं हाताळणाऱ्या मशीनवर हा खेळ नको – अशा मशीनला पुढची अपडेट मिळतीलच, याची हमी मायक्रोसॉफ्ट देत नाही.

आता मराठीचं. इथं मी जरा रेंगाळणार आहे, कारण अपग्रेडच्या गप्पांत प्रोसेसर निघतो, रॅम निघते, पण फॉन्ट कुणी काढत नाही. आणि आपल्याकडे सगळ्यात जास्त कामं अडतात ती तिथंच.

११. जुन्या फायली कशात टाइप केल्यात ते आधी शोध. पुण्याच्या सी-डॅकच्या आयएसएमवर किंवा पुण्याच्याच मॉड्युलर इन्फोटेकच्या श्रीलिपीवर जुन्या पद्धतीनं उमटवलेलं मराठी प्रत्यक्षात इंग्रजी अक्षरांच्या आणि खुणांच्या जागांवर बसवलेलं असतं. ‘सुरेख’ फॉन्टातली फाइल तो फॉन्ट नसलेल्या मशीनवर उघडलीस की पानभर अगम्य खुणा दिसतील. घाबरून पुसून टाकू नकोस – फाइल शाबूत असते, नसतो तो फॉन्ट.

१२. म्हणून मशीनला हात लावण्याआधी सगळे मराठी फॉन्ट पेनड्राइव्हवर काढून ठेव. मोजक्या महत्त्वाच्या फायलींची पीडीएफही करून ठेव – २ जानेवारीला भाई कोतवाल आणि हिराजी पाटील यांना मानवंदना द्यायला माणसं सिद्धगडावर जमतात, त्याचं पत्रक असो की ग्रामसभेचं इतिवृत्त. पीडीएफमध्ये फॉन्ट आतच बसतो आणि पुढं कुठल्याही मशीनवर मजकूर वाचता येतो.

१३. टायपिंगच्या सॉफ्टवेअरला कुलपाचा डोंगल असेल तर आधी कंपनीला फोन कर आणि विंडोज ११ साठी त्याचा ड्रायव्हर आहे का, ते विचार. विंडोज ११ फक्त ६४-बिटमध्येच येते – ३२-बिट विंडोजसाठी लिहिलेले ड्रायव्हर आणि फार जुने १६-बिट प्रोग्रॅम तिथं चालतच नाहीत, मग डोंगल हातात असून कुलूप उघडत नाही.

१४. यापुढचं सगळं लिखाण युनिकोडमध्ये कर. विंडोजमध्ये मराठीचा इनस्क्रिप्ट कीबोर्ड कितीतरी वर्षांपासून आहे आणि उच्चाराप्रमाणे टाइप करायचा फोनेटिक कीबोर्ड २०१९ पासून विंडोज १० मध्येच आलेला आहे – युनिकोडमधलं मराठी मोबाइलवर, मेलमध्ये आणि सरकारी अर्जाच्या चौकटीत जसंच्या तसं राहतं. हाताला रेमिंग्टनची सवय असेल तर ती मांडणी देणारं सॉफ्टवेअर नव्या विंडोजवर चालतं का, हे मात्र आधी पाहून घे; बोटांची सवय एका रात्रीत बदलत नाही.

१५. मग टेबलावरच्या प्रत्येक वस्तूची यादी कर: प्रिंटर, स्कॅनर, अंगठ्याचं मशीन, डिजिटल सहीचं टोकन. प्रत्येकासमोर ‘विंडोज ११ चा ड्रायव्हर मिळाला’ अशी खूण कर – एकाच जागी खूण राहिली नाही तरी त्या दिवशी रांगेतला माणूस परत जातो. यादी आधी, बटण नंतर. नाहीतर कामात अंतर.

१६. एखादी जुनी वेबसाइट ‘इंटरनेट एक्स्प्लोरर’वरच उघडत असेल तर तिचंही नाव यादीत घाल. विंडोज ११ मध्ये तो ब्राउझर नाही, पण एजमध्ये ‘आयई मोड’ आहे – तो चालू करायला आधी शिकून घे, गर्दीच्या दिवशी नव्हे.

१७. बॅकअप. हे मी तुला लहानपणी दप्तर भरायला सांगत असे त्याच सुरात सांगते आहे, आणि तसंच दहा वेळा सांगणार आहे. एक प्रत बाहेरच्या हार्डडिस्कवर, दुसरी आणखी कुठं तरी. आणि दोन्ही प्रतींतल्या चार-दोन फायली दुसऱ्या मशीनवर उघडून बघ – कॉपी झाली असं मशीन म्हणतं, उघडते की नाही ते आपण बघायचं. ज्याच्या दोन प्रती, त्याला कसली भीती.

१८. ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड, बुकमार्क आणि डिजिटल सहीचा पिन वेगळे लिहून कुलपात ठेव – फॉरमॅट मारताना फायली सगळ्यांना आठवतात, हे कुणालाच आठवत नाही.

१९. नवी विंडोज मायक्रोसॉफ्टच्या खात्यानं चालू केली तर डिस्क आपोआप कुलूपबंद होऊ शकते. तिची ४८ आकड्यांची रिकव्हरी की खात्यात सापडते. ती कागदावर उतरव आणि कागद घरात ठेव – बायोसमध्ये काही बदललं किंवा मशीन बिनसलं, तर ती मागितली जाते आणि तिच्याशिवाय फायली उघडत नाहीत.

२०. वेळ निवड. पावसाआधी घर शाकारतो, भर आषाढात कौलं उतरवत नाही, तसंच हे. जून-जुलैत निकालांमागून दाखल्यांची झुंबड आणि खरिपाचा पीकविमा, ऑक्टोबर-नोव्हेंबरात कापणी आणि धानखरेदीची नोंदणी. पौषी पुनवेची म्हशाची जत्रा उरकली, की त्यानंतरचे आठवडे मोकळे – काही बिनसलं तरी सावरायला उसंत मिळते. आणि विंडोज १० ची वाढीव मुदत नेमकी कापणीच्या ऐन घाईत संपते, हे ध्यानात ठेव.

२१. लाईटचा भरवसा धरू नकोस. लॅपटॉप असेल तर बॅटरी पूर्ण भरून चार्जर लावूनच बस. डेस्कटॉप असेल तर इन्व्हर्टर किंवा चांगला यूपीएस हवाच – अपग्रेडच्या मध्यावर लाईट गेली तर मशीन ना जुनं राहतं ना नवं.

२२. मोबाइलच्या नेटवर हे उतरवायला बसू नकोस. फाइल पाच जीबीच्या पुढं जाते आणि डोंगराच्या कुशीत रेंज मनाला येईल तेव्हा येते. मुरबाड-शहापुरात चांगल्या नेटवर बसून ८ जीबीच्या पेनड्राइव्हवर मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून उतरवून आण. घरच्या नेटला ‘मीटर्ड’ ही खूण करून ठेव – नाहीतर दिवसाचा डेटा अपडेटच खाऊन टाकतील आणि अर्ज तसेच राहतील.

२३. ‘दोनशे रुपयांत टाकून देतो’ म्हणणाऱ्याकडून क्रॅक केलेली विंडोज घेऊ नकोस. अस्सल विंडोज १० असेल आणि मशीन बसत असेल तर ११ वर जायला पैसे लागतच नाहीत. चोराची किल्ली, चोरालाच उघडी गल्ली – त्या क्रॅकबरोबर आणखी काय आत आलं, ते तुला कधीच कळणार नाही.

२४. बदल केलास की पहिल्या दहा दिवसांत सगळी कामं एकेकदा करून बघ: एक दाखला, एक प्रिंट, एक अंगठा, एक सही. तोवर ‘डिस्क क्लीनअप’ करू नकोस – दहा दिवसांत सेटिंग्जमधल्या ‘गो बॅक’नं जुन्या विंडोजवर परतता येतं, पण त्यासाठी ठेवलेल्या जुन्या फायली तू साफ केल्यास की ती वाट बंद.

२५. मशीन बसतच नसेल तरी वाटा आहेत. जुनं टायपिंगचं काम त्याच मशीनवर ठेव, पण त्याचं इंटरनेट काढून टाक – नेट नाही म्हणजे बाहेरून शिरायची मोठी वाट बंद, आणि डोंगल, फॉन्ट, प्रिंटर सगळं पूर्वीसारखं चालू. फक्त येणारा प्रत्येक पेनड्राइव्ह आधी दुसऱ्या मशीनवर तपासून घे.

२६. घरातल्या पोरांच्या अभ्यासाला जुन्या मशीनवर लिनक्स छान चालतं. उबुंटूची दर दोन वर्षांनी एप्रिलमध्ये येणारी दीर्घ मुदतीची आवृत्ती घे, तिला पाच वर्षं अपडेट मिळतात; आपल्या सी-डॅकनंही ‘बॉस’ नावाचं लिनक्स काढलेलं आहे. लोकांच्या कामाचं मशीन मात्र लगेच त्यावर नेऊ नकोस – अंगठ्याचं मशीन आणि सहीचं टोकन तिथं चालतं का, हे ते बनवणाऱ्या कंपनीकडून कळल्याशिवाय पाऊल टाकायचं नाही.

२७. नवं मशीन घ्यावं लागलंच, तर जुनं महिनाभर बाजूला लावून ठेव – कुठली तरी फाइल, कुठला तरी फॉन्ट मागं राहिलेला असतोच, आणि तो नेमका कुणाचा तरी दाखला अडला की आठवतो.

२८. आणि जुनी डिस्क भंगारवाल्याला देण्याआधी बाहेर काढ. नुसतं ‘डिलीट’ केलेलं परत काढता येतं. पूर्ण पुसून घे, नाहीतर फिरत्या डिस्कच्या चकत्या आणि एसएसडीच्या चिपा हातोड्यानं फोडून टाक – तिच्यात नारिवलीपासून म्हशापर्यंतच्या माणसांचे आधार आणि सह्या आहेत, आणि ती तुझ्याकडे विश्वासानं आलेली होती.