जामीन आणि त्याच्या अटी

‘अमुक आरोपी जामिनावर सुटला’ असे वाक्य वर्तमानपत्रात वारंवार वाचावयास मिळते. ते वाचून कित्येकांस वाटते की तो निर्दोष ठरला; कित्येक म्हणतात, पैसे भरले म्हणून सुटला. हे दोन्ही समज चुकीचे आहेत.

जामीन म्हणजे खटल्याच्या तारखांस हजर राहण्याची हमी होय. गुन्हा शाबीत होईपर्यंत कायदा मनुष्यास निरपराधी मानतो. मग त्यास निकालाआधीच तुरुंगात का ठेवावे? उलटपक्षी, तो पळून गेला किंवा साक्षीदारांस धमकावू लागला, तर न्याय कसा व्हावा? या दोन प्रश्नांची सांगड घालण्यासाठी जामिनास अटी जोडल्या जातात.

आपल्या मुंबईतीलच एक उदाहरण घेऊ. ‘केसरी’तील लिखाणाबद्दल लोकमान्य टिळकांस 27 जुलै 1897 रोजी राजद्रोहाच्या आरोपावरून पकडण्यात आले. प्रथम त्यांस जामीन नाकारण्यात आला. पुढे 4 ऑगस्ट रोजी बॅरिस्टर दिनशा दावर यांनी उच्च न्यायालयात न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजी यांच्यापुढे अर्ज चालविला. आरोपी खटल्यास हजर राहील की नाही, हाच मुख्य प्रश्न मानून न्यायमूर्तींनी तो मंजूर केला. आरोपी निर्दोष ठरल्यास मधला कारावास त्यास फुकट भोगावा लागेल, हेही त्यांनी ध्यानी घेतले. टिळक सप्टेंबरात न्यायालयापुढे हजर झाले आणि 14 तारखेस त्यांस 18 महिन्यांची सक्तमजुरीची शिक्षा झाली. जामीन मिळाल्याने खटल्याच्या निकालास बाध आला नाही, हे यावरून स्पष्ट होते.

पुढे 1908 साली टिळकांवर पुन्हा तसाच आरोप आला. या वेळी बॅरिस्टर जीना यांनी जामीन मागितला. परंतु न्यायासनावर बसलेल्या त्याच दावर यांनी तो नाकारला. अशा प्रकरणी न्यायाधीशाच्या विवेकावर किती अवलंबून असते, याचा हा बोलका दाखला आहे.

आज 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तीत गुन्ह्यांचे दोन वर्ग आहेत. जामीनपात्र गुन्ह्यात जामीन हा आरोपीचा हक्क असतो. अजामीनपात्र गुन्ह्यात तो देणे न देणे न्यायालयाच्या विचारावर असते. गंभीर गुन्ह्यांत ठरल्या तारखेस हजर राहणे, तसाच गुन्हा पुन्हा न करणे, साक्षीदारांस धाक वा लालूच न दाखविणे आणि पुराव्यास हात न लावणे, या अटी घातल्या जातात. शिवाय पारपत्र जमा करणे किंवा पोलीस ठाण्यात ठराविक दिवशी हजेरी देणे, असेही सांगता येते. अट मोडल्यास जामीन रद्द होऊ शकतो.

परंतु अट ही शिक्षा होता कामा नये. जामिनाची रक्कम अवाजवी नसावी, असे कायदाच सांगतो. 1978 साली मध्य प्रदेशातील मोतीराम नावाच्या गवंड्याकडे 10,000 रुपयांचा जामीन मागण्यात आला, आणि त्याच्या भावाची मिळकत दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून त्याची जामीनकी नाकारण्यात आली. सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्यास केवळ 1,000 रुपयांच्या जातमुचलक्यावर सोडावे असे ठरविले. श्रीमंतास जी रक्कम क्षुल्लक, तीच गरिबास तुरुंगाची भिंत होते. तसेच 2024 साली, आरोपीने आपला ठावठिकाणा नकाशाद्वारे पोलिसांस सतत कळवीत राहावे ही अटही सर्वोच्च न्यायालयाने खासगी जीवनावरील आक्रमण म्हणून रद्द केली.

पालकांनीही दोन गोष्टी ध्यानी ठेवाव्यात. अंधेरी, बोरीवली अथवा मुलुंडच्या न्यायालयात कोणास जामीन राहण्याचा प्रसंग आला, तर केवळ भिडेखातर सही करू नये; आरोपी फरारी झाल्यास रक्कम जामीनदाराकडून वसूल होऊ शकते. आणि अटकेत असलेल्या कोणासही विनामूल्य वकील मिळण्याचा कायदेशीर हक्क आहे, हे गरजू शेजाऱ्यास अवश्य सांगावे.

मुलांनो, वस्तीत कोणी जामिनावर परत आला, तर त्यास गुन्हेगार म्हणून हिणवू नका आणि निर्दोष म्हणून मिरवूही नका. निकाल न्यायालय देईल. तोवर त्याच्या मुलांशी पूर्वीप्रमाणेच खेळत राहणे, एवढे तर आपल्या हाती आहे.